शिळा भात आणि राजाचं ताट

वाडग्याच्या तळाशी गार भात. हा भात मुळात आदल्या जेवणातला उरलेलाच असायचा. आता दुकानात तो मुद्दाम शिजवून गार करतात. त्यावर बोटाच्या नखाहून लहान शिंपल्यांचं परतलेलं मांस. त्यावर बारीक चिरलेलं केळफूल, अळूचे देठ, कमरखाच्या आंबट चकत्या, पुदिना, भाजलेले शेंगदाणे, तीळ आणि डुकराच्या चरबीचे कुरकुरीत तुकडे. चमच्याच्या टोकावर मावेल एवढी आंबवलेल्या जवळ्याची जांभळट चटणी आणि तिखट, हवं त्याहून थोडं जास्तच. शेजारी दुसऱ्या वाडग्यात शिंपल्यांचं वाफाळतं, पांढुरकं पाणी. ते हवं तर भातावर ओतायचं, नाहीतर मधून मधून घोट घ्यायचा. या पदार्थाचं नाव कम हेन. कम म्हणजे भात, हेन म्हणजे हे चिमुकले शिंपले. किंमत साधारण पंधरा-वीस हजार डाँग, म्हणजे आपले पन्नास ते सत्तर रुपये.

मध्य व्हिएतनाममधल्या ह्वे शहरात संध्याकाळच्या सायकल-फेऱ्या निघतात, त्यांचा पहिला थांबा पुष्कळदा हाच वाडगा असतो. तो खायचा तर कोन हेन बेटावर जावं. कोन हेन म्हणजे शब्दशः शिंपल्यांचं बेट. शहराच्या मधून वाहणाऱ्या हुओंग नदीतलं, म्हणजे ‘सुगंधी नदी’तलं हे छोटंसं बेट. एका लहान पुलावरून सायकल आत घातली की अरुंद गल्ल्या, मक्याची शेतं आणि अंगणात मांडलेली बुटकी प्लास्टिकची स्टुलं दिसतात. इथल्या कुटुंबांनी पिढ्यान्‌पिढ्या नदीचा तळ खरवडून शिंपले काढले. मोठ्या पातेल्यात ते उकळत ठेवून लांब काठीनं ढवळत राहायचं. मांस सुटून येतं, शिंपा उरतात आणि जे पाणी राहतं तोच रस्सा. काहीच फुकट जात नाही. शिळा भातसुद्धा नाही.

गंमत अशी की हेच बेट राजवाड्याच्या नकाशातही आहे. १८०२ मध्ये न्युएन घराण्याच्या सम्राट जिया लोंगनं ह्वेला राजधानी केली, तेव्हा पूर्वेकडचं कोन हेन हे किल्ल्याचं रक्षण करणारा निळा ड्रॅगन आणि पश्चिमेकडचं दुसरं बेट हा पांढरा वाघ, असं मानलं गेलं. एकाच जमिनीच्या तुकड्याकडे राजानं ड्रॅगन म्हणून पाहिलं आणि कोळ्यानं जेवण म्हणून. ह्वेचं खाणं समजून घ्यायचं तर ह्या दोन्ही नजरा लागतात.

राजधानीचा हा काळ १९४५ पर्यंत चालला. त्या वर्षी ३० ऑगस्टला शेवटचा सम्राट बाव डाय यानं न्गो मोन दरवाजावर राज्यत्याग जाहीर केला. पण स्वयंपाकघरं राजाबरोबर गेली नाहीत. सम्राट तू डुकच्या एका जेवणाला पन्नास पदार्थ लागत आणि पन्नास आचारी ते करत, असं इथे सांगतात. आकडा जरा बाजूला ठेवला तरी त्यातली एक गोष्ट खरी आहे, ती म्हणजे इतके पदार्थ एका माणसापुढे मांडायचे तर प्रत्येक पदार्थ इवलासा, देखणा आणि दुसऱ्यापेक्षा वेगळा असायला हवा. ह्वेच्या रस्त्यावर आज जे मिळतं ते आकारानं अजूनही तसंच आहे. हनोईचा फऽ, म्हणजे शेवया घातलेला रस्सा, भला मोठा वाडगा भरून येतो. ह्वेचं खाणं बशीबशीनं येतं.

हे खाणं घडवण्यात इथल्या बायकांचा वाटा किती मोठा आहे याचा एक लेखी पुरावाही आहे. राजघराण्याची सून असलेल्या चुओंग डांग थी बिक यांनी शंभर पाककृती चार-चार ओळींच्या पद्यात रचल्या आणि १९१५ मध्ये त्या पुस्तकरूपानं आल्या. त्यात मेजवानीचे पदार्थ आहेत, तसेच मीठ-तिळाचे आणि साध्या भाज्यांचे रोजचे प्रकारही आहेत. म्हणजे राजवाड्याच्या उंबऱ्याच्या आतसुद्धा साधं खाणं मानानं नांदत होतं.

सायकल ह्या शहराला शोभते, कारण शहर सपाट आहे आणि फार पसरलेलं नाही. तीन-चार तासांत आठ-दहा किलोमीटर फिरून पाच-सहा ठिकाणी खाता येतं आणि मधल्या रपेटीत पोटात थोडी जागाही होते. पण सोयीपलीकडेही सायकलचं इथे एक नातं आहे. फ्रेंचांच्या काळात ती व्हिएतनाममध्ये आली. १९५४ च्या, फ्रेंचांविरुद्धच्या दिएन बिएन फूच्या लढाईत दोनशे किलोंहून जास्त ओझं लादलेल्या सायकली डोंगरवाटांनी ढकलत नेऊन व्हिएतनामी सैन्याला रसद पोचवली गेली. ह्वेमध्ये मुलींसाठी १९१७ मध्ये डोंग खान शाळा स्थापन झाली. लांब झग्यासारख्या आव यायमधल्या, सायकलवरून पूल ओलांडणाऱ्या शाळकरी मुली हे पुढे या शहराचं चित्रच होऊन बसलं. १९८६ नंतर आर्थिक धोरण मोकळं झालं तशी मोटारसायकल सगळीकडे पसरली. ती इतकी रुळली आहे की लोक कोणत्याही मोटारसायकलला सरसकट ‘होंडा’ म्हणतात. सायकल मागे पडली. पाहुण्यांना फिरवण्याच्या निमित्तानं ती आता संध्याकाळच्या रस्त्यावर परत दिसते.

फेरी निघते दुपार कलल्यावर, साडेचार-पाचच्या सुमारास. पुढे वाटाड्या, मागे सगळ्यांना सांभाळून आणणारा दुसरा एक जण आणि मधे सहा-आठ पाहुणे. वाटाडे बरेचदा कॉलेजात शिकणारी मुलंमुली असतात. निघण्यापूर्वी ते एकच धडा पक्का करून घेतात. चौकात मोटारसायकलींचा लोंढा अंगावर येताना दिसला तरी मधेच थांबायचं नाही, पळायचं नाही, वेग बदलायचा नाही. संथ, सरळ जात राहायचं. लोंढाच तुमच्या दोन्ही बाजूंनी फुटून पुढे जातो. पुणे-मुंबईत दुचाकी चालवलेल्या माणसाला हे पटकन जमतं. अडखळतो तो फक्त उजव्या-डाव्याच्या गोंधळात, कारण तिथे रहदारी रस्त्याच्या उजवीकडून चालते.

दुसरा थांबा बशांचा. इथे ‘बान’ हा शब्द समजून घेतला पाहिजे. पीठ भिजवून, वाफवून, भाजून किंवा तळून केलेलं जवळजवळ काहीही म्हणजे बान. पावही बान आणि पानात उकडलेली पानगीसारखी वडीही बानच. ह्वेमध्ये त्यांतले तीन एकत्र मागवतात: बान बेव, बान नाम आणि बान लोक.

बान बेव करणाऱ्या बाईच्या हाताकडे थोडा वेळ पाहत राहावं. तिच्यापुढे चहाच्या बशीहून लहान अशा मातीच्या झिलईदार वाट्यांचा ढीग असतो. तांदळाचं पातळ पीठ पळीनं एकेका वाटीत पडतं. एक थेंब बाहेर नाही, एक वाटी कमी-जास्त भरलेली नाही. वाट्या वाफेवर जातात. काही मिनिटांनी झाकण निघतं तेव्हा प्रत्येक वाटीत पांढरी, मऊ चकती आणि तिच्या मधोमध एक खळगा. हा खळगाच सगळ्यात महत्त्वाचा. पीठ किती पातळ, किती वेळ भिजलेलं, वाफ किती जोरात, हे सगळं जमलं तरच तो पडतो. तो पडला नाही तर जाणतं गिऱ्हाईक नाक मुरडतं. त्या खळग्यात भाजून कुटलेल्या कोळंबीची केशरी भुकटी, पातीच्या कांद्याचं तेल आणि वर चरबीचा एक कुरकुरीत तुकडा. मग गोडसर-खारट माशाचं पाणी चमचाभर सोडायचं आणि कडेनं सोडवून एका घासात संपवायचं. ‘बेव’ म्हणजे पाण्यावर तरंगणारं शेवाळासारखं पान. ताटात मांडलेल्या वाट्या पाहिल्या की हे नाव का पडलं ते विचारावं लागत नाही.

बान नाम म्हणजे पानात थापून वाफवलेली तांदळाच्या पिठाची पातळ वडी, वर कोळंबीचा चुरा. बान लोक मात्र मराठी माणसाला ओळखीचा वाटतो आणि मग त्याच ओळखीमुळे चकवतो. ज्या कंदापासून आपला साबुदाणा होतो त्याच कंदाच्या पिठाचं हे आवरण. वाफवल्यावर काचेसारखं पारदर्शक होतं आणि आत एक कवचासकट कोळंबी आणि डुकराच्या मांसाचा तुकडा स्पष्ट दिसतो. साबुदाणा म्हटलं की जिभेला उपास आठवतो, आणि इथे चावल्यावर लागतो समुद्र.

हा समुद्र ह्वेच्या प्रत्येक पदार्थात आहे. देशभर वापरलं जातं ते न्युक माम, म्हणजे मासे आणि मीठ पिंपात महिनोन्‌महिने ठेवून निथळलेलं पाणी. ह्वेची खास ओढ मात्र माम रुओककडे. आपल्या किनाऱ्यावर जो जवळा मिळतो, तशाच चिमुकल्या कोळंबीला मीठ लावून, कुटून, आंबवून हा लगदा करतात. कोकणात कोलीम खाल्लेल्यांना त्याचा वास नवा वाटणार नाही. इतरांना पहिल्या क्षणी तो जड जातो. चांगला वाटाडा बरणीचं झाकण उघडून आधी वास घ्यायला लावतो, मग त्याच लगद्याचा अर्धा चमचा घातलेला रस्सा चाखायला देतो. त्या दोन कृतींमधलं अंतर समजलं की अर्धं ह्वे समजलं.

संध्याकाळ जशी दाटते तशा फुटपाथवर कावडी येतात. कावड हा शब्द इथे तंतोतंत बसतो: खांद्यावर बांबूची पट्टी, दोन टोकांना दोन टोपल्या. एका टोपलीत निखाऱ्यांची शेगडी आणि तिच्यावर पातेलं, दुसरीत वाडगे, पाण्याची बादली, भाज्या आणि एकात एक बसवलेली स्टुलं. म्हणजे अख्खं हॉटेल एका खांद्यावर. बांबू लवचीक असतो आणि बाईची चालही त्याच्या हेलकाव्याशी जुळवून घेतलेली, जरा झुलती, छोट्या पावलांची. ताल चुकला तर रस्सा सांडतो. हा धंदा बहुतांशी बायकांचा. वयस्कर असेल तिला ह्वेमध्ये ‘मे’ म्हणजे आजी म्हणतात आणि तरुण असेल तर ‘ओ’. नावानं किंवा नुसतं ‘अहो’ करून कोणी हाक मारत नाही. आपल्याकडे भाजीवालीला मावशी म्हणतात तसंच. आणि ती उलट विचारते, “जेवलात का?” व्हिएतनामीत हा कुशल विचारण्याचाच प्रश्न आहे. त्याचं मराठीत भाषांतर करावंच लागत नाही.

या कावडींनी हलाखीचे दिवसही पाहिले आहेत. व्हिएतनाम युद्ध संपल्यावर १९८६ पर्यंत देशात शिधापत्रिकांचा काळ होता. तांदूळ, मांस, सगळं मोजून मिळायचं आणि खासगी व्यापाराला फारसा वाव नव्हता. १९८६ च्या डिसेंबरात ‘दोई मोई’ म्हणजे नूतनीकरणाचं धोरण आलं आणि घरच्या चुलीवरचा पदार्थ पुन्हा उघडपणे रस्त्यावर विकता येऊ लागला. आज जी दुकानं पाहुण्यांना ‘परंपरागत’ म्हणून दाखवली जातात, त्यांतली बरीच त्यानंतरच्या वर्षांत एखाद्या बाईनं दारापुढे दोन स्टुलं मांडून सुरू केली. मोठ्या शहरांत त्यांच्यावर वेगळं संकट येतं. २०१७ मध्ये हो ची मिन्ह सिटीत फुटपाथ मोकळे करण्याची जोरदार मोहीम निघाली होती. चालणाऱ्याला वाट हवी हे खरंच. पण फुटपाथवरच्या चुलीवर ज्यांची घरं चालतात आणि ज्यांच्या हातात एखाद्या शहराची चव टिकून आहे, त्यांना त्या वाटेवर जागा ठेवूनच आखणी व्हायला हवी. सायकलवरून जाणाऱ्या पाहुण्यानं तिथे बसून पैसे देऊन खाणं हा त्यांना दिलेला खराखुरा आधार आहे.

अंधार पडला की फेरी चुओंग तिएन पुलावर येते. १८९९ मध्ये पुरा झालेला हा सुमारे चारशे मीटरचा पोलादी कमानींचा पूल १९०४ च्या वादळात मोडला, १९४६ मध्ये युद्धात तुटला आणि १९६८ च्या तेत हल्ल्यात, म्हणजे नववर्षाच्या सणात झालेल्या हल्ल्यात, पुन्हा कोसळला. त्या वर्षी ह्वेमध्ये जवळजवळ महिनाभर घरोघर लढाई झाली आणि राजवाड्याचा मोठा भाग नष्ट झाला. आता कमानींवर रंगीत दिवे बदलत असतात आणि कठड्याला टेकून जोडपी फोटो काढतात. पलीकडे डोंग बा मंडई आणि तिच्यामागे तटबंदी. १९९३ मध्ये युनेस्कोनं जागतिक वारसा म्हणून मान्य केलेल्या या परिसरात सायकलवाल्याला सुखावणारी गोष्ट वेगळीच आहे: बाहेरचा तट सुमारे दहा किलोमीटर घेराचा आणि त्याच्या आत आजही माणसं राहतात. किल्ल्याच्या अरुंद दरवाजातून सायकल आत शिरते तेव्हा समोर येतं ते गृहपाठ करणारं पोर, टीव्हीचा आवाज, अंगणातली चूल. पूर्वी राजाच्या विहाराचं असलेलं तिन ताम तळं इथेच. तिथल्या कमळबिया शहरात सर्वांत उत्तम मानल्या जातात.

तटाच्या जवळपास बान ख्वाय खावा. जाड बिडाच्या छोट्या तव्यांची रांग, त्यात तांदळाचं पिवळं पीठ चर्र आवाज करत पडतं. आत कोळंबी, मांस, मोड आलेले मूग. अर्धा दुमडलेला, आपल्या धिरड्यापेक्षा कितीतरी कुरकुरीत. सोबत कच्च्या केळ्याच्या चकत्या, कमरख, जंगली अंजिराचे तुरट काप आणि शेंगदाणे, तीळ व कलेजी घालून केलेली दाट चटणी. ही चटणी प्रत्येक घरची वेगळी आणि तीच खरी परीक्षा. जोडीला नेम लुई, म्हणजे गवती चहाच्या दांड्यावर लपेटून निखाऱ्यावर भाजलेलं मांस. दांडा आतून सुगंध सोडतो.

तरुण पोरांची गर्दी असते ती बान एपवर. दोन लोखंडी तवे, लांब दांड्यांना जोडलेले. मधे कंदाच्या पिठाचा गोळा, अंडं, कांद्याची पात. दांडे दाबले की चर्र होतं आणि पापडाएवढी चकती बाहेर. एकेकाच्या पुढे दहा-दहा संपतात. सोबत हुदा बिअर. हा शब्द ह्वे आणि डेन्मार्क यांच्या पहिल्या अक्षरांचा. डॅनिश सहकार्यानं १९९० मध्ये इथे ही बिअर सुरू झाली.

शाकाहारी वाचक एव्हाना पान उलटायला निघाले असतील, तर त्यांनी जरा थांबावं. ह्वे हे व्हिएतनाममधलं बौद्ध धर्माचं मोठं केंद्र, शेकडो विहारांचं शहर. जगभर पोचलेले भिक्खू थिक न्यात हान यांची दीक्षा इथल्याच तू हिएव विहारात झाली आणि २०२२ मध्ये त्यांनी अखेरचा श्वासही तिथेच घेतला. चांद्र महिन्याच्या पहिल्या आणि पंधराव्या दिवशी इथली असंख्य घरं मांसमासे शिवत नाहीत. आपली एकादशी जशी फराळाच्या पदार्थांनी समृद्ध झाली, तसं या दोन दिवसांनी ह्वेचं शाकाहारी खाणं घडवलं. टोफू, अळंबी, कच्चा फणस, कमळबिया यांचे बारीक नजाकतीचे पदार्थ होतात. बान बेव आणि बान लोकही शाकाहारी मिळतात. शब्द लक्षात ठेवायचा ‘आन चाय’. उच्चार हिंदीतल्या ‘चाय’सारखाच, अर्थ शाकाहार. मात्र नुसतं “मांस नको” म्हणून भागत नाही, कारण माशाचं पाणी मांसात मोजलंच जात नाही. सायकल-फेरी ठरवतानाच ‘चाय’ म्हणून सांगून ठेवावं आणि जमल्यास त्या दोन तिथींपैकी एक गाठावी. त्या दिवशी पर्याय शोधावे लागत नाहीत, ते रस्त्यावर मांडलेले असतात. शेंगदाण्याची किंवा कोळंबीची अ‍ॅलर्जी असणाऱ्यांनी तर हे आधी सांगायलाच हवं. ह्वेमध्ये हे दोन्ही जिथेतिथे आहेत.

हवामानाचाही एक धडा. ह्वे जवळजवळ कोल्हापूरच्याच अक्षांशावर आहे, पण पाऊस उलटा. आपला पावसाळा ओसरतो तेव्हा तिथला सुरू होतो. ऑक्टोबर-नोव्हेंबरात नदी घरात येते आणि १९९९ च्या नोव्हेंबरातला पूर तिथे अजून कोणी विसरलेलं नाही. मे ते ऑगस्ट अंग भाजून निघतं. फेब्रुवारी ते एप्रिल सायकलला उत्तम. तिखटाच्या बाबतीत मात्र कोल्हापूरकराला हे शहर आपलंच वाटेल. उरलेल्या व्हिएतनामच्या मानानं ह्वे फार तिखट खातं.

शेवटचा थांबा गल्लीतल्या चेचा. चे म्हणजे गोड, पातळ, चमच्यानं खायचा पदार्थ. मूग, चवळी, मका, कमळबिया, सुरणाच्या जातीचे कंद, नारळाचं दूध. काचेच्या पेल्यांची ओळ लागलेली असते आणि बोटानं दाखवून मागायचं. त्यात एक पेला असा असतो की वाटाडा मुद्दाम आधी सांगत नाही. आलं घातलेल्या साखरेच्या पाकात पारदर्शक गोळ्या आणि प्रत्येक गोळीच्या आत भाजलेल्या डुकराच्या मांसाचा खारट तुकडा. एका घासात गोड, तिखट, खारट, चिवट. काहींना तो कधीच आवडत नाही. ज्यांना आवडतो ते दुसरा मागतात. निघताना बरेच जण मे सुंगची पुडी घेतात. तीळ, शेंगदाणे आणि माल्टच्या साखरेची ही चिवट वडी संक्रांतीच्या ताटात सहज खपून जाईल.

एवढं सगळं होऊनही ह्वेच्या नावानं जो पदार्थ जगभर ओळखला जातो, तो बून बो, पुष्कळ फेऱ्यांच्या यादीत नसतो. बून म्हणजे तांदळाच्या शेवया, कोकणातल्या शिरवाळ्यांच्या जवळच्या; बो म्हणजे गोमांस. गवती चहा, माम रुओक आणि लालभडक तेलाचा तो रस्सा २०१४ मध्ये अमेरिकन शेफ-लेखक अँथनी बोर्डेन यांनी डोंग बा मंडईत खाल्ला आणि दूरचित्रवाणीवर त्याची मनापासून तारीफ केली. तेव्हापासून पाहुणे रात्रीसुद्धा तो शोधत फिरतात आणि मिळतोही. पण ह्वेची माणसं बून बो खातात सकाळी, कामाला जाण्याआधी. म्हणून हॉटेलपाशी सायकली परत करताना चांगले वाटाडे सांगतात, उद्या सहाला उठा, मंडईकडे चालत जा, ज्या आजीपुढे शाळेच्या कपड्यातली पोरं बसलेली दिसतील तिथे बसा. त्या वेळी, रात्री साडेआठ-नऊला, तिच्या घरात हाडं धुऊन पातेल्यात पडलेली असतात, गवती चहाच्या जुड्या चेचून बांधलेल्या असतात आणि आच मंद केलेली असते.